गेमच्या डिस्कचा बॅकअप नीट उतरलाय हे ओळखायचं कसं?

प्रश्न थोडक्यात असा. घरातल्या, स्वतः विकत घेतलेल्या पीएस१, पीएस२ आणि निन्टेंडो वीच्या डिस्क हार्ड डिस्कवर उतरवल्या. सगळे गेम एम्युलेटरवर, म्हणजे कन्सोलची नक्कल करणाऱ्या प्रोग्रॅमवर, सुरू होतात. मात्र रीडंप या संकेतस्थळाच्या यादीशी फाइलींचे हॅश (फाइलमधल्या डेटावरून काढलेला, तिच्या बोटाच्या ठशासारखा आकडा) ताडून बघितले तर गोंधळ. पीएस१च्या एका गेमचा पहिला ट्रॅक जुळतो, पण त्यापुढचे गाण्यांचे सगळे ट्रॅक चुकतात. पीएस२ची एक आयएसओ फाइल नेमकी ४,२९,४९,६७,२९५ बाइटची आहे. वीच्या डब्ल्यूबीएफएस (डिस्कची आटोपशीर प्रत) फाइलींपैकी एकही जुळत नाही. उरलेले पीएस१चे गेम सीएचडी (दाबून लहान केलेली फाइल) करून ठेवलेत, त्यांना ‘व्हेरिफाय’ केलं की सगळं ठीक दाखवतं. मग खरं काय मानायचं आणि कुठल्या डिस्क परत वाचायच्या?

गेम चालतोय म्हणजे डंप (उतरवलेली प्रत) चांगला, हा समज आधी डोक्यातून काढा. गेम सुरू व्हायला डिस्कचा फार छोटा भाग लागतो. पीएस१वरचा रिज रेसर तर अख्खा कन्सोलच्या मेमरीत चढतो आणि डिस्कवरून फक्त संगीत वाजवतो. म्हणूनच गेम चढल्यावर डिस्क काढून आपली गाण्यांची सीडी टाकायची गंमत त्यात करता यायची. अशा गेमचा एखादा ऑडिओ ट्रॅक निम्मा सडलेला असला तरी गाडी झकास पळेल. मोठ्या गेममध्ये खराब सेक्टर (डिस्कवरच्या डेटाचा छोटा तुकडा) शेवटच्या टप्प्यातल्या व्हिडिओत असेल, तर तो तुम्हाला चाळीस तास खेळल्यावर कळेल.

तुमचा सगळा गोंधळ दोन प्रश्न एकत्र झाल्यामुळे आहे. डिस्कवर जे होतं ते बरोबर उतरलं का, हा एक. उतरलेलं होतं तसंच राहिलंय का, हा दुसरा. सीएचडीचं ‘व्हेरिफाय’ फक्त दुसऱ्याचं उत्तर देतं. सीएचडी बनवणारा प्रोग्रॅम सीएचडीमॅन फाइल बनवताना आतल्या डेटाचा एसएचए-१ (हॅशचा एक प्रकार) काढून फाइलमध्येच लिहून ठेवतो, आणि पडताळताना डेटा उलगडून तोच आकडा येतो का ते बघतो. बिन फाइलच (डिस्कवरचा डेटा जसाच्या तसा उतरवलेली फाइल) मुळात चुकीची वाचली गेली असेल, तर सीएचडी त्या चुकीचीच इमानेइतबारे जपणूक करेल आणि दर वेळी ‘सगळं ठीक’ म्हणेल. तेव्हा त्या हिरव्या शेऱ्यावर विसंबून मूळ बिन-क्यू (क्यू म्हणजे ट्रॅक कुठे सुरू होतो हे सांगणारी छोटी मजकूर फाइल) उडवल्या असतील, तर सीएचडीमधून त्या परत काढा आणि ट्रॅकवार हॅश ताडून बघा. सीएचडी फाइलचा स्वतःचा हॅश यादीशी जुळवायला जाऊ नका. कॉम्प्रेशनची पद्धत बदलली की तो बदलतो.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर द्यायला बाहेरचा साक्षीदार लागतो. रीडंप हा तो साक्षीदार. जगभरच्या हौशी लोकांनी आपापल्या डिस्क वाचून प्रत्येक ट्रॅकचा आकार, सीआरसी३२, एमडी५ आणि एसएचए-१ नोंदवलेले आहेत. या यादीत गेम नसतात, नुसते आकडे असतात. तुमच्या डिस्कचा, तुमच्या ड्राइव्हवर वाचलेला हॅश दूर कुठल्या तरी माणसाने त्याच्या डिस्कवरून काढलेल्या हॅशशी जुळला, तर दोघांकडे नेमकी तीच चूक झाली असण्याची शक्यता धरायची गरज नाही. एमडी५ची मुद्दाम घडवलेली टक्कर (दोन वेगळ्या फाइलींचा एकच हॅश) २००४ साली आणि एसएचए-१ची २०१७ साली दाखवली गेली, म्हणून काही जण हे हॅश निकामी झाले म्हणतात. आपल्या कामाला त्याने काही फरक पडत नाही. तुमच्या डिस्कवरचा ओरखडा कुणी कट करून पाडलेला नाही.

आता पीएस१च्या त्या गेमकडे येऊ, कारण खरी मेख सीडीतच आहे.

सीडीवरचा एक सेक्टर २३५२ बाइटचा असतो आणि सेकंदाला असे ७५ सेक्टर वाचले जातात. डेटा ट्रॅकची बिन फाइल हेक्स एडिटरमध्ये (फाइलचे कच्चे बाइट दाखवणारा प्रोग्रॅम) उघडा. सुरुवातीलाच ००, मग दहा वेळा एफएफ, परत ०० असे बारा बाइट दिसतील. ही सेक्टर सुरू झाल्याची खूण. पुढे ०० ०२ ००, म्हणजे मिनिट शून्य, सेकंद दोन, फ्रेम शून्य, आणि त्यानंतर ०२, म्हणजे मोड २. पीएस१च्या डिस्कवर हेच दिसायला हवं. साध्या डेटा सेक्टरमध्ये कामाचे २०४८ बाइट असतात, त्यांच्यामागे ४ बाइटचा चूक ओळखणारा कोड आणि २७६ बाइटचा चूक दुरुस्त करणारा कोड. म्हणजे डेटा ट्रॅक बऱ्याच अंशी स्वतःची साक्ष स्वतः देतो. सीडीमेजसारख्या जुन्या प्रोग्रॅममध्ये क्यू फाइल उघडून सेक्टर तपासायला लावलं, तर कुठल्याही यादीशिवाय बिघडलेले सेक्टर सापडतात. व्हिडिओ-ऑडिओसाठी वापरलेल्या काही सेक्टरमध्ये हा दुरुस्तीचा कोड नसतोच, त्यामुळे ही तपासणी पुरेशी नाही, पण पहिली चाळणी म्हणून उत्तम.

ऑडिओ ट्रॅकमध्ये यातलं काही नसतं. २३५२च्या २३५२ बाइट आवाजाचे: ५८८ नमुने, प्रत्येकी ४ बाइट. सेक्टर कुठे सुरू झाला याची खूण नाही, चूक ओळखणारा कोड नाही. ड्राइव्हला वाचता आलं नाही तर तो आजूबाजूच्या नमुन्यांवरून अंदाजाने मधलं भरतो आणि गप्प बसतो. गाणी ऐकायला ही सोय छान आहे, बॅकअप घेणाऱ्याला मात्र तापदायक.

खूण नसल्यामुळे दुसरीही भानगड होते. प्रत्येक मॉडेलचा ड्राइव्ह ऑडिओ थोडा पुढे किंवा मागे सरकवून वाचतो. याला ऑफसेट म्हणतात. प्लेक्स्टरच्या बऱ्याच जुन्या ड्राइव्हना +३० नमुन्यांची दुरुस्ती लागते, म्हणजे १२० बाइट. कानाला हा एक मिलिसेकंदाचाही फरक नाही, पण हॅश पार बदलतो. डेटा ट्रॅकला याचा त्रास होत नाही, कारण तिथे त्या बारा बाइटच्या खुणेवरून सेक्टर बरोबर जागी बसवता येतो. म्हणून ‘पहिला ट्रॅक जुळतो, बाकीचे सगळे चुकतात’ असं दिसलं की आधी ऑफसेटवर संशय घ्या. तुमची डिस्क बहुधा ठणठणीत आहे. ड्राइव्हचं मॉडेल बघून अ‍ॅक्युरेटरिप या संकेतस्थळाच्या यादीत त्याचा ऑफसेट शोधा. पण एवढ्यावर थांबू नका: डिस्क छापतानाचाही एक ऑफसेट असतो, आणि रीडंपचे आकडे तोही वजा करून काढलेले असतात. रीडंपर नावाचा प्रोग्रॅम डेटा ट्रॅकच्या खुणांवरून हे गणित आपोआप मांडतो, त्यामुळे त्या एका डिस्कसाठी तोच वापरून परत वाचा. आकडे हाताने भरत बसण्यात मजा नाही.

न जुळण्याची तऱ्हा बघूनच निदान करायचं असतं. सगळे ऑडिओ ट्रॅक चुकले तर ऑफसेट. मधलाच एखादा चुकला, बाकीचे जुळले, तर तिथे ओरखडा किंवा डाग. दोन शेजारच्या ट्रॅकचे आकार एकाचा जास्त, दुसऱ्याचा तेवढाच कमी भरत असतील, तर दोन ट्रॅकमधली मोकळी जागा तुमच्या प्रोग्रॅमने मागच्या ट्रॅकला जोडली आणि यादीने पुढच्या. ही जागा बहुतेकदा दोन सेकंदांची, म्हणजे १५० सेक्टर, ३,५२,८०० बाइट. फरक नेमका एवढा आला की डिस्क परत वाचायची गरज नाही. आणि अख्ख्या डिस्कची एकच बिन फाइल असेल तर ट्रॅकवार यादीशी ती कशी जुळणार? आधी ती क्यूप्रमाणे तोडून घ्या. क्यू फाइलचा स्वतःचा हॅश चुकला तर दुर्लक्ष करा, आत लिहिलेलं फाइलचं नाव बदललं तरी तो बदलतो.

याच्या उलटही घडतं: हॅश तंतोतंत जुळतो आणि गेम अडतो. युरोपात निघालेल्या, म्हणजे पाल पद्धतीच्या, पीएस१च्या काही गेमना लिबक्रिप्ट नावाचं संरक्षण होतं. त्याची किल्ली मुख्य डेटात नसून सबचॅनलच्या (डेटासोबत डिस्कवर असलेली वेगळी बारीक माहिती) क्यू नावाच्या भागात मुद्दाम केलेल्या फेरफारांत असते, आणि बिन फाइलमध्ये सबचॅनल येतच नाही. अशा गेमला सोबत त्या फेरफारांची नोंद असलेली छोटी एसबीआय फाइल लागते. आपल्याकडे आलेल्या बऱ्याच डिस्क पालच्या असल्याने हे लक्षात ठेवलेलं बरं.

पीएस२चं प्रकरण त्या मानाने सरळ आहे. ४,२९,४९,६७,२९५ हा आकडा डिस्कचा नाहीच, तो एफएटी३२चा आहे. त्या फाइल सिस्टिममध्ये एका फाइलची कमाल मर्यादा ४ जीबीला एक बाइट कमी, नेमकी एवढीच. विंडोज एवढी मोठी फाइल घ्यायला आधीच नकार देतं, पण कमांड लाइनवरून किंवा राउटरला लावलेल्या पेन ड्राइव्हवर कॉपी करताना अर्धवट फाइल मागे राहू शकते. शिवाय हा आकडा विषम आहे. आयएसओचा आकार २०४८ने पूर्ण भागला जायलाच हवा. तेव्हा ही फाइल टाका, पेन ड्राइव्ह एक्सफॅट किंवा एनटीएफएस करा आणि डिस्क परत वाचा.

एरवी डीव्हीडी वाचणं सीडीइतकं दगाबाज नाही. डीव्हीडीत १६ सेक्टरच्या गठ्ठ्यावर मिळून दुरुस्तीचा कोड असतो, आणि ड्राइव्ह एक तर बरोबर डेटा देतो किंवा चक्क ‘वाचता येत नाही’ म्हणतो. अंदाजाने भरण्याचा प्रकार नाही. म्हणून डीव्हीडी वाचताना एकही त्रुटी आली नसेल तर ती फाइल जवळजवळ नक्की बरोबर. पण ‘त्रुटी आली तरी पुढे चला’ हा पर्याय चालू होता का ते तपासा. तसं असेल तर प्रोग्रॅमने न वाचता आलेल्या जागी शून्यं भरून काम उरकलेलं असतं. आणि तो दुरुस्तीचा कोड ड्राइव्हच्या आतच राहतो, आयएसओमध्ये येतो तो नुसता २०४८ बाइटचा डेटा. त्यामुळे तयार आयएसओकडे बघून ती बिघडली आहे का हे सांगता येत नाही. यादी तरी हवी, नाही तर दुसरं वाचन तरी.

पीएस२चे सुरुवातीचे काही गेम सीडीवर आले, खालून निळ्या दिसणाऱ्या. त्यांची आयएसओ काढली असेल तर हॅश जुळणार नाही. त्या बिन-क्यूच काढायच्या.

हॅश जुळला नाही म्हणून लगेच डिस्क घासायला घेऊ नका. एकाच गेमच्या वेगवेगळ्या आवृत्त्या निघतात. आयएसओ उघडून सिस्टिम.सीएनएफ ही चिमुकली मजकूर फाइल बघा. बूट२च्या ओळीत एसएलईएस, एससीईएस किंवा एसएलयूएसने सुरू होणारा क्रमांक असतो, खाली व्हीईआरच्या ओळीत १.०० किंवा २.०० अशी आवृत्ती, आणि व्हीमोडमध्ये पाल की एनटीएससी. या तिन्हींवरून यादीतली बरोबर नोंद काढा. नावावरून शोधणारे लोक अमेरिकन आवृत्तीच्या हॅशशी युरोपियन डिस्क ताडत बसतात. सगळ्यात सोपं म्हणजे यादीची डॅट फाइल (सगळे हॅश असलेली) रॉमव्हॉल्ट या प्रोग्रॅमला द्यावी, तो नावाकडे न बघता हॅशवरूनच ओळखतो.

डिस्क मूळ कंपनीची आहे ना, हेही एकदा बघून घ्या. त्या काळात आपल्याकडे चिप बसवलेला पीएस२ आणि स्वस्तातल्या कॉपी डिस्क हीच रीत होती, आणि बऱ्याच जणांना आजही आपली डिस्क ओरिजिनल वाटते. वर सांगितलेल्या मूळच्या निळ्या सीडी सोडल्या, तर खालची बाजू जांभळट-निळसर झाक मारणारी डिस्क बहुधा घरी किंवा दुकानात बर्न केलेली. तिच्यात व्हिडिओ काढून जागा वाचवलेली असू शकते. तिचा हॅश कितीदाही वाचला तरी जुळायचा नाही.

वीकडे वळू. डब्ल्यूबीएफएसमध्ये वापरात असलेला भागच ठेवतात, बाकी फेकून देतात. वीच्या एका थराच्या प्रत्येक डिस्कचा पूर्ण आकार ४,६९,९९,७९,७७६ बाइट, गेम त्यातला पाव भाग व्यापत असला तरी. गेमक्यूबचा १,४५,९९,७८,२४०. उरलेल्या जागेत निन्टेंडोने सूत्राने बनवलेला यादृच्छिक कचरा भरलेला असतो, तो काढला की गेम व्यवस्थित चालतो पण पूर्ण डिस्कचा हॅश जुळण्याचा प्रश्नच उरत नाही. म्हणजे तुमच्या फाइली बिघडलेल्या आहेत असं नाही. त्या जुळण्याजोग्याच राहिलेल्या नाहीत.

सुदैवाने वीच्या डिस्कमध्ये स्वतःचीच तपासणी भरलेली आहे. डेटा ३२ केबीच्या तुकड्यांत असतो. प्रत्येक तुकड्यात १ केबी हॅश आणि ३१ केबी गेमचा डेटा. त्या ३१मधल्या प्रत्येक केबीचा एसएचए-१ तिथेच लिहिलेला, त्या हॅशांचे पुन्हा हॅश, असं चार पायऱ्यांचं झाड. डॉल्फिन या वीच्या एम्युलेटरमध्ये गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये ‘व्हेरिफाय’चा टॅब आहे, तो हे झाड तपासतो. तुमच्या फाइली तिथे चालवा. चुका फक्त न वापरलेल्या ब्लॉकमध्ये दाखवल्या तर खेळण्यापुरता प्रश्न मिटला. पूर्ण बॅकअप हवा असेल तर मात्र परत वाचावं लागेल. साधारण पीसी ड्राइव्हला या डिस्क वाचता येत नाहीत, त्यामुळे होमब्रू (कंपनीबाहेरचे प्रोग्रॅम चालवायची सोय) घातलेल्या वीवरच क्लीनरिप हा डिस्क उतरवणारा प्रोग्रॅम चालवा, तो उतरवतानाच रीडंपशी ताडूनही बघतो. नंतर जागा वाचवायला फाइल आरव्हीझेड प्रकारात बदला. तो कचऱ्याचं सूत्र लक्षात ठेवतो, म्हणून जागाही वाचते आणि हवं तेव्हा मूळ आयएसओ बाइटन् बाइट परत मिळते. डब्ल्यूबीएफएसला आता काही कारण उरलेलं नाही. गेमक्यूबच्या डिस्कवर असं हॅशांचं झाड नाही, तिथे यादीच कामाला येते.

यादीत नोंदच नसली तर? २००९ साली पीएस२वर आलेला ‘हनुमान: बॉय वॉरियर’ किंवा असे भारतासाठी निघालेले गेम ज्यांच्याकडे आहेत, त्यांनी आधी नोंद शोधावी. नसेल तर आपला साक्षीदार आपणच उभा करायचा: दोन वेगवेगळ्या कंपन्यांच्या ड्राइव्हवर वाचून हॅश सारखे येतात का बघायचे. एकाच ड्राइव्हवर लागोपाठ दोनदा वाचण्याला तेवढा अर्थ नाही. ड्राइव्ह कधी कधी स्वतःच्या कॅशमधून तोच डेटा पुन्हा देतो, आणि त्याच्या लेन्सची खोड दोन्ही वाचनांत सारखीच असते. दुसरा ड्राइव्ह नसेल तर निदान डिस्क बाहेर काढून, वेग कमी करून वाचा.

एक तपासणी लोक विसरतात. हार्ड डिस्कवरच्या त्याच फाइलचा हॅश दोनदा काढा. सेव्हन-झिपच्या उजव्या क्लिकच्या मेनूत ही सोय आहे. फाइलला हात न लावता दोनदा वेगळा आकडा आला, तर गेमच्या डिस्कचा काही संबंध नाही. रॅम, यूएसबी केबल नाही तर हार्ड डिस्कच खराब आहे. रात्रभर मेमटेस्ट (रॅम तपासणारा प्रोग्रॅम) चालू ठेवा आणि तोवर एकही नवी फाइल कॉपी करू नका.

एकदा हॅश जुळला की दुसरा प्रश्न सुरू होतो: उतरलेलं तसंच राहतंय का? एनटीएफएस, एक्सफॅट, ईएक्सटी४ यांपैकी कुणीही फाइलमधला डेटा बदललाय का ते बघत नाही. झेडएफएस आणि बीटीआरएफएस बघतात. म्हणून फोल्डरमध्ये एसएचए-१ची मजकूर फाइल ठेवा, तीत तारीख, ड्राइव्हचं मॉडेल आणि ‘यादीशी जुळलं’ की ‘दोन वाचनं जुळली’ हेही लिहा, आणि वर्षातून एकदा तपासा. ज्या डिस्क परत मिळायच्या नाहीत त्यांच्यासाठी पाच टक्क्यांच्या पीएआर२ फाइली बनवा. हॅश नुसती चूक सांगतो, पीएआर२ ती भरून काढतो. तीच रीड-सॉलोमनची पद्धत, जी सीडीच्या आत चालते.

कायद्याचं एका वाक्यात: कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२मध्ये स्वतःकडे कायदेशीर असलेल्या प्रोग्रॅमची खराब होण्या-हरवण्यापासून बचावापुरती प्रत काढायची मुभा आहे, पण २०१२मध्ये आलेलं कलम ६५अ संरक्षण तोडण्याबद्दल आहे. त्यामुळे बॅकअप घरातच राहू द्या, वाटत सुटू नका.

आता खरोखर वाचता न येणाऱ्या डिस्कबद्दल. मुंबई-कोकणच्या दमट हवेत कव्हरमध्ये वर्षानुवर्षं पडलेल्या डिस्कवर बुरशीचे ठिपके धरतात. कोमट पाणी, थेंबभर भांड्यांचा साबण, आणि मऊ कापडाने मधून कडेकडे सरळ पुसणं, गोल गोल नाही. बहुतेक ठिपके जातात. टूथपेस्ट लावू नका. सीडी असेल तर उजेडासमोर धरून बघा. सीडीचा चकाकता थर छापील बाजूच्या पातळ लॅकरखाली असतो, त्यामुळे त्या बाजूला सुईएवढी भोकं दिसली तर तिथला डेटा गेला, कितीही पॉलिश करा. डीव्हीडीचा थर ०.६ मिमीच्या दोन चकत्यांच्या मध्ये असल्याने ती या बाबतीत जास्त काटक. डीव्हीडी अडत असेल तर डीडीरेस्क्यू वापरा. तो वाचलेले आणि राहिलेले भाग मॅप फाइलमध्ये लिहून ठेवतो, त्यामुळे तीच मॅप फाइल आणि तीच अर्धवट इमेज घेऊन दुसऱ्या ड्राइव्हवर फक्त उरलेली भोकं वाचता येतात. अशा दोन-तीन ड्राइव्हवर मिळून भरलेल्या इमेजचा हॅश शेवटी यादीशी जुळला, तर वरची डिस्क कितीही खरवडलेली असू दे, तो बॅकअप सोळा आणे खरा.